वाचक विचारतात : माळ्यावरचे गेम लॅपटॉपवर

सुट्टीत माळे साफ होतात आणि जुने कन्सोल खाली उतरतात. यंदाच्या पत्रांतली पाच इथं घेतली आहेत. ज्यांना शब्दच नवा आहे त्यांच्यासाठी : एम्युलेटर म्हणजे कॉम्प्युटरवर जुन्या कन्सोलचं सोंग घेणारा प्रोग्रॅम. सोंग तो चोख वठवतो, पण त्याला गेमची फाइल आणि बहुतेक वेळा कन्सोलचा बायोस, म्हणजे कन्सोल सुरू करणारा त्याच्या आतला मूळ प्रोग्रॅम, लागतो. पत्रांतल्या बहुतेक तक्रारी या दोन फाइलींच्याच आहेत, एम्युलेटरच्या नाहीत.

प्रश्न : माळ्यावर प्लेस्टेशन २ आणि अकरा ओरिजिनल डिस्क सापडल्या. कन्सोल चालू होतो, पण डिस्क वाचत नाही. लॅपटॉपला डिस्क ड्राइव्ह नाही. मित्रानं बायोसची फाइल पाठवली, ती टाकली तर पडदा काळाच राहतो. काय करावं? – एक वाचक, शिवाजी पेठ

मित्राची फाइल काढून टाका. बायोस सोनीच्या मालकीचा आहे, म्हणून एम्युलेटरबरोबर तो कधीच येत नाही. शिवाय फिरत आलेल्या फाइली बऱ्याचदा अर्धवट असतात. प्लेस्टेशन २ च्या बायोसची मुख्य फाइल बरोबर ४ एमबीची, म्हणजे विंडोजमध्ये ४,०९६ केबी दिसते. यापेक्षा लहान असेल तर पडदा काळा राहणारच.

तुमच्या कन्सोलची लेन्स गेली असली तरी त्यातला बायोस कॉपी करून घेता येतो, कारण त्या कामाला डिस्क लागतच नाही. फ्री एमसीबूट (कन्सोलला बाहेरचे प्रोग्रॅम चालवू देणारा प्रोग्रॅम) घातलेलं मेमरी कार्ड मिळवा आणि पहिल्या खाचेत लावा. एफएटी३२ मध्ये फॉरमॅट केलेल्या पेन ड्राइव्हवर बायोसड्रेन हा छोटा प्रोग्रॅम टाका, कन्सोलच्या मेन्यूतून तो चालवा. कन्सोलचं यूएसबी जुन्या १.१ जातीचं आहे, त्यामुळे सगळं सावकाश चालेल. मध्येच पेन ड्राइव्ह उपसू नका. एकाच नावाच्या, पण वेगवेगळ्या एक्स्टेन्शनच्या चार-पाच फाइली तयार होतील, त्या सगळ्या एकत्रच ठेवा. त्याआधी कन्सोलवरच्या पट्टीवर मॉडेल क्रमांक बघा. ९०००० च्या मालिकेतल्या शेवटच्या बारीक कन्सोलांवर फ्री एमसीबूट चालत नाही, तिथं ओपनट्यूना लागतं.

आता डिस्क. कोल्हापुरात राजारामपुरीत किंवा शाहूपुरीत कॉम्प्युटरच्या दुकानात यूएसबीचा बाहेरून लावायचा डीव्हीडी रायटर मागा, साधा चालतो. इमेजबर्न या प्रोग्रॅममध्ये डिस्कवरून इमेज फाइल, म्हणजे अख्ख्या डिस्कची हुबेहूब प्रत, बनवायचा पर्याय घ्या. चंदेरी पाठीची डिस्क डीव्हीडी असते, तिची एक आयएसओ फाइल होते. निळ्या पाठीची असते ती सीडी, तिच्या बिन (डिस्कवरची माहिती) आणि क्यू (त्या माहितीची अनुक्रमणिका) अशा दोन फाइली होतात. वाचताना चूक आली तर वेग कमी करा आणि मऊ सुती कापडानं डिस्क मधून कडेकडे सरळ रेषेत पुसा. गोल गोल पुसलं तर ओरखडा ट्रॅकच्या दिशेनंच उमटतो आणि तोच जास्त नडतो. आपल्याकडच्या पावसाळ्यात माळ्यावर राहिलेल्या डिस्कवर बुरशीचे ठिपके असतात. ते वरच्या थरावर असतील तर पुसून जातात. छापील बाजूकडून चमकता थरच उडाला असेल तर ती डिस्क गेली म्हणायची.

पीसीएसएक्स२ हा प्लेस्टेशन २ चा एम्युलेटर त्याच्या मूळ संकेतस्थळावरूनच घ्या. २.० किंवा पुढची आवृत्ती हवी, जुन्या १.६ वरचे सल्ले आता लागू पडत नाहीत. उघडताच फाइल सापडत नाही अशी तक्रार आली, तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी प्लस प्लस रिडिस्ट्रिब्युटेबल टाका. पहिल्यांदा उघडल्यावर तो मुख्यतः बायोसचा फोल्डर, गेमचा फोल्डर आणि जॉयस्टिक विचारतो.

बाकी सेटिंगला सुरुवातीला हात लावू नका. गेम मूळ रिझोल्यूशनवर चालवून बघा, मग ते दुप्पट, तिप्पट करा. तिप्पट म्हणजे साधारण १०८० च्या पडद्याला पुरेल इतकं. गेम रखडतोय आणि आवाज तुटतोय असं झालं, तर पडद्यावर ईई (कन्सोलच्या प्रोसेसरचं सोंग), जीएस (त्याच्या चित्रं काढणाऱ्या चिपचं सोंग) आणि जीपीयू (लॅपटॉपचं ग्राफिक्स) यांचे टक्के दाखवायचा पर्याय चालू करा. जीपीयू शंभराला टेकला असेल तर रिझोल्यूशन उतरवा. ईई शंभराला टेकला असेल तर रिझोल्यूशन कितीही उतरवून उपयोग नाही, कारण अडलंय ते प्रोसेसरचं. तेव्हा चार्जर लावा, विंडोजचा बॅटरी वाचवायचा मोड बंद करा आणि एमटीव्हीयू हा प्रोसेसरचं काम वाटून देणारा पर्याय चालू आहे का बघा. लॅपटॉपला दोन ग्राफिक्स असतील तर विंडोजच्या डिस्प्ले सेटिंगमध्ये या प्रोग्रॅमला ताकदीचं ग्राफिक्स नेमून द्या. हे न केल्यामुळं चांगले लॅपटॉपही रडतात.

आवाज तुटतो म्हणून आवाजाची सेटिंग उकरत बसू नका. वेग शंभर टक्क्यांच्या खाली गेला की आवाज तुटणारच.

प्रश्न : पहिल्या प्लेस्टेशनचा गेम डकस्टेशनमध्ये चालतो, पण पार्श्वसंगीत नाही. आवाज बाकी सगळे येतात. – इचलकरंजी

डकस्टेशन हा पहिल्या प्लेस्टेशनचा एम्युलेटर. त्यात तुम्ही बिन फाइल उघडताय. क्यू फाइल उघडा. त्या काळच्या बऱ्याच गेममध्ये संगीत हे साध्या ऑडिओ सीडीसारखं वेगळ्या ट्रॅकमध्ये असतं, आणि कोणता ट्रॅक कुठं सुरू होतो ते फक्त क्यू फाइल सांगते. बिनचं नाव बदललं असेल तर क्यूही उघडणार नाही. ती नोटपॅडमध्ये उघडा, आतलं नाव बिनच्या नावाशी अक्षरशः जुळवा. नेमकी इथंच निम्मी मंडळी अडकतात, आणि वैतागून सगळं पुन्हा इन्स्टॉल करत बसतात.

सेव्ह स्टेटवर, म्हणजे गेम आहे त्या क्षणी गोठवून ठेवायच्या एम्युलेटरच्या सोयीवर, विसंबू नका. एम्युलेटरची आवृत्ती बदलली की जुनं स्टेट उघडेलच असं नाही. गेमच्या आतून मेमरी कार्डावर सेव्ह करा. ती १२८ केबीची फाइल असते, अधूनमधून दुसरीकडं कॉपी करून ठेवा. डेस्कटॉपला यूपीएस नसेल आणि सेव्ह होत असतानाच वीज गेली, तर कार्डच खराब होऊ शकतं.

प्रश्न : एका दुकानात दहा हजार गेम भरलेली हार्ड डिस्क मिळते. घ्यावी का? – कागल

नको. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ तुमच्याकडं रीतसर असलेल्या प्रोग्रॅमची, तो हरवू नये किंवा खराब होऊ नये म्हणून, प्रत करायला मुभा देतं. दुसऱ्याच्या दहा हजार प्रती विकत घ्यायला नाही. शिवाय असल्या डिस्कमध्ये बरेच गेम दुबार असू शकतात, आणि कोणत्या फाइलीबरोबर काय आलंय ते तुम्ही तपासणार कसं?

प्रश्न : लहानपणी टीव्हीला लावून पिवळ्या कॅसेटचा व्हिडिओ गेम खेळायचो. तोच गेम आता एम्युलेटरवर फारच पळतो. संगीतही घाईत वाजतं. एम्युलेटर बिघडलाय का? – मंगळवार पेठ

तुमची आठवण बरोबर आहे आणि एम्युलेटरही बरोबर आहे. गेम मूळचे जपान-अमेरिकेच्या टीव्हीसाठी, सेकंदाला ६० चित्रं धरून लिहिलेले. आपले टीव्ही पाल पद्धतीचे, सेकंदाला ५० वाले. त्यामुळे इथं विकल्या जाणाऱ्या निन्टेंडोच्या नकली यंत्रांवर तेच गेम सुमारे सतरा टक्के हळू चालायचे. म्हणजे तुम्ही जे लहानपणी ऐकलं तेच संथ होतं!

तोच वेग हवा असेल तर मेसेन एम्युलेटर घ्या आणि त्याच्या निन्टेंडो सेटिंगमध्ये रीजन ‘डेंडी’ करा. ‘पाल’ करू नका. पाल म्हणजे युरोपातलं अस्सल यंत्र, त्याचा प्रोसेसर १.६६ मेगाहर्ट्झचा, त्यामुळे सूरही खाली उतरतो. डेंडी हे रशियात खपलेल्या नकली यंत्राचं नाव. त्याचा प्रोसेसर १.७७ वर चालतो, मूळ जपानी यंत्राचा १.७९ वर, म्हणून वेग कमी होऊनही सूर जवळजवळ तोच राहतो. आपल्या पाल नकली यंत्रांची चाल याच जातीची. लॅपटॉपचा पडदा मात्र बहुतेकदा ६० हर्ट्झचा (सेकंदाला ६० चित्रांचा) असतो, त्यावर ५० चित्रं समान वाटली जात नाहीत. त्यामुळे देखावा आडवा सरकताना बारीक हिसके दिसतील. पडदा ५० किंवा १०० हर्ट्झवर नेता येत असेल तर ते जातात.

प्रश्न : साधा यूएसबी जॉयस्टिक घेतला. बटणं चालतात, पण बाणाची चकती कधी चालते, कधी नाही. – उचगाव

जॉयस्टिकवर मधोमध ‘अॅनलॉग’ बटण आणि त्याचा लाल दिवा असेल. दिवा बंद असताना चकती बोटानं फिरवायच्या अॅनलॉग दांडीचे संकेत पाठवते, चालू असताना चकतीचे. दिवा लावून घ्या आणि मग सगळी बटणं एम्युलेटरमध्ये नव्यानं नेमा. दर वेळी खेळायला बसताना दिवा लागलाय ना तेवढं बघा. जॉयस्टिक यादीतच दिसत नसेल तर पीसीएसएक्स२ च्या कंट्रोलर सेटिंगमध्ये डायरेक्टइनपुट (जॉयस्टिक ओळखायची विंडोजची जुनी पद्धत) चालू करा, ते मुळात बंद असतं.