निर्णय जमत नाही, कुठलं पुस्तक वाचू?

या महिन्यात आलेल्या पत्रांत आणि मेल्समध्ये बरेचसे प्रश्न एकाच अंगाचे होते, विचार नीट करता यावा, अडचणी सोडवता याव्यात, निर्णय घेताना गोंधळ होऊ नये यासाठी कुठली पुस्तकं वाचू. काहींनी दहा-दहा नावांच्या याद्या पाठवून यातलं आधी कुठलं असंही विचारलंय. माझं मत आधीच सांगून टाकते, अशी दहा पुस्तकं ओळीने वाचून फारसं काही हाती लागत नाही. आपली अडचण कुठल्या जातीची आहे ते बघायचं, तिला लागू पडणारं एकच पुस्तक घ्यायचं आणि अडचण वहीत मांडून, हातात पेन घेऊन ते वाचायचं. म्हणून खाली प्रत्येकाला वेगळं पुस्तक सुचवलंय.

प्रश्न (बारावीचा विद्यार्थी, नाशिक): सूत्रं सगळी पाठ आहेत, सोडवलेली उदाहरणं समजतात, पण पेपरात गणित जरा फिरवून आलं की हात थांबतो. सर म्हणतात विचार कर, पण विचार करायचा म्हणजे नेमकं करायचं काय?

उत्तर: तुझा प्रश्न मला सगळ्यात जास्त आवडला, कारण हे शाळेत कुणी धड सांगतच नाही. जॉर्ज पोल्या हे बुडापेस्टला जन्मलेले गणितज्ञ, आधी झुरिकला आणि मग अमेरिकेत स्टॅनफर्डला शिकवायचे. त्यांचं 'हाऊ टू सॉल्व्ह इट' हे १९४५ सालचं पुस्तक अगदी याच प्रश्नाचं उत्तर आहे. अडलं की स्वतःला कुठले प्रश्न विचारायचे ते त्यात दिलंय. काय काढायचंय? काय दिलंय? अट काय आहे? हेच काढायचं असलेलं, पण यापेक्षा सोपं दुसरं गणित मला येतं का?

सुरुवातीलाच एक उदाहरण येतं, त्यातले आकडे मी माझे घालते. समज १२ मीटर लांब, ४ मीटर रुंद, ३ मीटर उंच असा हॉल आहे, खालच्या एका कोपऱ्यापासून तिरकं पलीकडच्या वरच्या कोपऱ्यापर्यंत दोरी ताणली तर ती किती लांब? सूत्र आठवत नाही असं धर. मग विचार, लांबीच काढायची असते असं कुठलं गणित मला येतं? पायथागोरस. पण इथे काटकोन त्रिकोण तर दिसत नाहीये, मग तो आणायचा कुठून? आकृती काढ, ४ बाय ३ च्या छोट्या भिंतीवर कर्ण आख, तो येतो ५. आता हा ५ आणि हॉलची लांबी १२ यांच्यामध्ये दुसरा काटकोन उभा राहतो, त्याचा कर्ण १३, झालं उत्तर. बहुतेक मुलं इथे थांबतात आणि पुढच्या गणिताकडे पळतात, पण पोल्या म्हणतात आता मागे वळून बघ. उंची कमी करत करत शून्यावर आणली तर साध्या आयताचा कर्ण मिळतो का? लांबी आणि रुंदीची अदलाबदल केली तर उत्तर तेच राहतं का? ही शेवटची पायरी करणाऱ्या मुलाला सूत्र पाठ करावं लागत नाही, ते त्याचं त्यालाच काढता येतं.

पुस्तक पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचायला जाऊ नकोस. सुरुवातीचा छोटा भाग नीट वाच, पुढचा मोठा भाग शब्दकोशासारखा अक्षरांच्या क्रमाने लावलेला आहे, तो लागेल तसा उघडायचा. आणि आजपासून एक कर, जुन्या पेपरात जे गणित अडेल त्याचं सोल्यूशन लगेच बघू नकोस, आधी वरच्या प्रश्नांची उत्तरं शेजारी लिहून काढ, लिहूनच, मनातल्या मनात नाही.

प्रश्न (नोकरदार जोडपं, पुणे): बांधकाम चालू असलेल्या स्कीममध्ये फ्लॅट बघतोय. आमचे दोघांचे रोज वाद होतात आणि निर्णय पुढे ढकलला जातो. ह्यांनी 'थिंकिंग, फास्ट अँड स्लो' आणलंय पण ते अर्ध्यावरच राहतं. पूर्ण वाचलं तर उपयोग होईल का?

उत्तर: ताई, ते पूर्ण वाचायची तुम्हाला आत्ता अजिबात गरज नाही. त्याचे लेखक डॅनियल कानमन मानसशास्त्रज्ञ, पण २००२ मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालेले, आणि आयुष्यभराचं काम त्यांनी या एका पुस्तकात ओतलंय, ३८ प्रकरणं आहेत, अर्ध्यावर सुटणं साहजिक आहे. शिवाय सुरुवातीला प्रायमिंगवर जे प्रकरण आहे, म्हणजे नुसते काही शब्द वाचून माणसाचं वागणं नकळत बदलतं वगैरे, त्यातले बरेच प्रयोग पुढे इतरांनी करून बघितले तेव्हा टिकले नाहीत, आणि आपण त्यांच्यावर जास्त विसंबलो हे कानमननी २०१७ मध्ये स्वतःच मान्य केलं. ते सोडून द्या. तुमच्या कामाची प्रकरणं दोन-तीनच आहेत.

एक अँकरवरचं, म्हणजे आधी समोर आलेल्या आकड्याला आपला अंदाज कसा बांधला जातो त्यावरचं. त्यात १० किंवा ६५ याच आकड्यांवर थांबेल असं बनवलेलं एक चक्र लोकांसमोर फिरवतात आणि मग विचारतात की संयुक्त राष्ट्रांमधले किती टक्के देश आफ्रिकेतले असतील. चक्राचा आणि उत्तराचा काडीचाही संबंध नाही, तरी १० बघणाऱ्यांचं सरासरी उत्तर २५ आणि ६५ बघणाऱ्यांचं ४५ आलं. आता सेल्स ऑफिसमध्ये तुम्हाला पहिला रेट ऐकवतात तेव्हा काय होत असेल विचार करा, नंतरची सगळी घासाघीस त्या आकड्याभोवतीच फिरते. म्हणून तिथे जायच्या आधीच आजूबाजूच्या सोसायट्यांमध्ये प्रत्यक्ष झालेल्या व्यवहारांचे रेट काढा आणि आपला आकडा घरून लिहून न्या.

दुसरं प्रकरण 'आउटसाइड व्ह्यू'चं, म्हणजे आपल्यासारख्या इतरांचं काय झालं ते बघून अंदाज बांधायचं, माझ्या मते तुमच्यासाठी अख्ख्या पुस्तकातलं सगळ्यात मोलाचं. कानमन इस्रायलमध्ये शाळेसाठी एक पाठ्यपुस्तक तयार करणाऱ्या टीममध्ये होते. काम किती दिवसात होईल ते प्रत्येकाने चिठ्ठीवर लिहिलं, सगळ्यांचं दोन वर्षांच्या आसपास. मग टीममधल्या अभ्यासक्रम तज्ज्ञाला विचारलं की अशा इतर टीम्सना किती वेळ लागला? तो म्हणाला साधारण ४० टक्के टीम्सचं काम पूर्णच झालं नाही, आणि ज्यांचं झालं त्यांना सात ते दहा वर्षं लागली. म्हणजे माहिती त्याच्या डोक्यात होती आणि तरी स्वतःच्या चिठ्ठीवर त्यानेही दोनच वर्षं लिहिली होती! शेवटी लागली आठ वर्षं.

तुमच्या बाबतीत हा आउटसाइड व्ह्यू सहज मिळतो, फक्त तास-दोन तास बसायची तयारी हवी. पझेशन कधी, हे सँपल फ्लॅट दाखवणाऱ्याला विचारू नका. महारेराच्या साइटवर त्याच बिल्डरचे आधीचे प्रोजेक्ट काढा, पूर्ण व्हायची आधी दिलेली तारीख काय होती, मुदतवाढ घेतली का, किती, आणि जमलं तर त्यातल्या एखाद्या सोसायटीत जाऊन गेटवर दोन माणसांशी बोला. आधीच्या प्रोजेक्टना दीड-दोन वर्षं उशीर झाला असेल तर तुमच्याही वेळेला तेवढा होईल असं धरूनच भाडं आणि हप्ता एकत्र झेपतो का ते बघा.

आणि वादावर एक उपाय, मूळ मानसशास्त्रज्ञ गॅरी क्लाइन यांचा, कानमननीही पुस्तकात दिलाय, प्रीमॉर्टम म्हणतात. समजा फ्लॅट घेतला, दोन वर्षं गेली आणि निर्णय पार फसलाय. का फसला, ते दोघांनी वेगवेगळ्या कागदावर लिहा, एकमेकांना न दाखवता, दहा मिनिटं, मग कागद अदलाबदल करा. बोलताना माणूस आपली बाजू लढवत बसतो, इथे दोघंही फ्लॅटच्या विरुद्ध लिहीत असतात त्यामुळे मनातली खरी भीती कागदावर येते. कुणाला नोकरीची धास्ती असते, कुणाला सासरचे लांब पडतील याची, आणि वाद मात्र तिसऱ्याच गोष्टीवर चाललेला असतो.

प्रश्न (वाचक, छत्रपती संभाजीनगर): काही त्रास नसताना आईची रूटीन मॅमोग्राफी, म्हणजे स्तनांच्या कॅन्सरसाठीची एक्स-रे तपासणी, केली, रिपोर्टमध्ये संशयास्पद म्हणून पुढच्या तपासण्या सांगितल्यात. घरात सगळे हादरलेत. असे आकडे समजून घ्यायला काही वाचता येईल का?

उत्तर: आधी हे सांगते की पुढच्या तपासण्या डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे आणि वेळेत करा, पुस्तक त्याची जागा घेत नाही. पण भीतीचं माप समजावं म्हणून गेर्ड गिगेरेन्झर या जर्मन मानसशास्त्रज्ञाचं 'रिस्क सॅव्ही' वाचा, २०१४ चं आहे. त्यांचा आग्रह एकच, टक्क्यांत बोलू नका, माणसं मोजा. लक्षणं नसलेल्या १००० बायका घ्या. समजा त्यातल्या १० जणींना खरंच कॅन्सर आहे, आणि तपासणीत त्यातल्या ९ सापडतात. उरलेल्या ९९० जणींना काहीही नाही, पण त्यातल्याही साधारण ८९ जणींचा रिपोर्ट चुकून पॉझिटिव्ह येतो. म्हणजे पॉझिटिव्ह एकूण ९८, आणि खरा आजार त्यातल्या ९ जणींना, दहातली जेमतेम एक. हेच आकडे टक्क्यांत दिल्यावर कितीतरी डॉक्टरांचंही उत्तर चुकतं हे गिगेरेन्झरनी दाखवलंय. तुमच्या आईचं वय, घरातला इतिहास, रिपोर्टमध्ये नेमकं काय दिसलं यावर हे आकडे बदलतील, म्हणून डॉक्टरांना असंच विचारा, असा रिपोर्ट आलेल्या शंभर जणींपैकी किती जणींना पुढे आजार निघतो? आईलाही हे कागदावर मांडून दाखवा, ताई, त्यांना धीर येईल.

प्रश्न (केटरिंग व्यवसाय, इचलकरंजी): प्रत्येक लग्नाच्या ऑर्डरला काहीतरी राहतंच, कधी जादा सिलेंडर, कधी वाढपी कमी. प्रॉब्लेम सॉल्व्हिंगचं चांगलं पुस्तक सांगा.

उत्तर: दादा, तुमच्याकडे विचार कमी पडत नाहीये, घाईत लक्षातून सुटतंय, ते वेगळं दुखणं आहे. अतुल गवांदे यांचं 'द चेकलिस्ट मॅनिफेस्टो' घ्या. अमेरिकेतले सर्जन, वडील मूळचे आपल्या यवतमाळ जिल्ह्यातल्या उटी गावचे. भूल देण्याआधी, चिरा देण्याआधी आणि पेशंटला ऑपरेशन थिएटरबाहेर नेण्याआधी मोठ्याने वाचायची एक छोटी यादी त्यांनी जागतिक आरोग्य संघटनेसोबत तयार केली, आठ शहरांतल्या आठ हॉस्पिटल्समध्ये वापरून बघितली, तर मृत्यूचं प्रमाण १.५ टक्क्यांवरून ०.८ वर आलं. यादी कशी करायची तेही त्यात आहे, पाच ते नऊच मुद्दे ठेवायचे, जे राहिलं तर कार्यक्रमच कोलमडेल तेवढेच लिहायचे आणि ती कधी वाचायची ती वेळ पक्की करायची. तुमच्यासाठी ती वेळ म्हणजे टेम्पो गोडाऊनमधून निघायच्या आधी, एकाने वाचायचं, दुसऱ्याने वस्तूला हात लावून हो म्हणायचं.

प्रश्न (वाचक, लातूर): बेंगळुरूला नोकरी मिळतेय, इथे आईवडील आणि चांगला चाललेला क्लास आहे. पंधरा दिवसात कळवायचंय. इंग्रजी पुस्तक वाचायला मला वेळ लागतो. काय वाचू?

उत्तर: पंधरा दिवसात पुस्तक नको. बेंजामिन फ्रँकलिनचं १७७२ सालचं एक पत्र आहे, जोसेफ प्रिस्टली या शास्त्रज्ञाला असाच नोकरीचा प्रश्न पडला होता त्यावर लिहिलेलं. पत्र छोटं आहे, पद्धत मी इथेच सांगते. काय ठरव ते सांगता येणार नाही, कसं ठरवायचं ते सांगतो, असं म्हणून फ्रँकलिन लिहितो की कागदाच्या मधोमध रेघ मारायची, एकीकडे जायची कारणं आणि दुसरीकडे न जायची. एका बैठकीत लिहायची नाहीत, तीन-चार दिवस कागद जवळ ठेवायचा, कारण सगळी कारणं एकाच वेळी डोळ्यासमोर नसतात, आज पगार दिसतो, उद्या आईचं गुडघ्याचं दुखणं. मग वजन करायचं. दोन्हीकडची सारख्या वजनाची कारणं खोडायची, एकीकडचं एक मोठं कारण दुसरीकडच्या दोन छोट्यांइतकं भरलं तर तिन्ही खोडायची. उरेल त्या बाजूला कौल. त्यानंतरही एक-दोन दिवस थांबायचं, नवीन महत्त्वाचं काही सुचलं नाही तर कळवून टाकायचं. तुमच्याकडे पंधरा दिवस आहेत, म्हणजे यासाठी भरपूर वेळ आहे, आणि आईवडिलांना काय वाटतं ते तुम्ही अंदाजाने लिहू नका, त्यांना समोर बसवून विचारा आणि त्यांच्याच शब्दात कागदावर उतरवा.