फिनलंडला जातेयस तर आधी जमीन बघ

अगं, फिनलंडमधलं आर्किटेक्चर काय काय बघू असं विचारणारा तुझा मेसेज वाचला आणि तुझा मूडबोर्डपण (आवडलेल्या फोटोंचं कोलाज) बघितला. लाकूड, मोठ्ठी काच, मागे पाइनची झाडं. छान आहे, पण खरं सांगू का, यातलं अर्धं कुठल्याही महागड्या रिसॉर्टचं म्हणून खपेल.

एक सेमिस्टर हेलसिंकीत आहेस ना, मग पहिल्या रविवारी शेजारी एस्पोला ओटानिएमीच्या चॅपेलमध्ये जाऊन बस. हाइक्की आणि काइया सिरेन या नवराबायकोचं काम, १९५७ चं. वेदीमागची भिंत अख्खी काचेची आहे आणि क्रॉस आत नाहीच, तो बाहेर झाडांत उभाय. आपण झाडं ड्रॉइंगमध्ये सगळ्यात शेवटी टाकतो, हिरवे गोल काढून, आणि इथे तीच गाभाऱ्यात आहेत, ती तोडली तर चॅपेलच अर्धं राहील. १९७६ मध्ये ते जळलं तरी परत तसंच बांधून घेतलं लोकांनी.

मग वेळ काढून युवास्क्युलाजवळ साय्नात्सालोला जा, फिनिश आर्किटेक्ट अल्व्हार आल्तोचा टाउन हॉल, १९५२. खोदकामातली माती आपण डंपरने साइटबाहेर फेकतो, त्याने ती मधेच भरली आणि चौक एक मजला वर उचलला, भोवती लाल विटेच्या इमारती, आणि एका बाजूने चौकात चढायला चक्क गवताच्या पायऱ्या. हे फोटोत कळतच नाही, चढूनच बघावं लागतं. त्याच्याच व्हिला माइरेआ या घराचं सगळे कौतुक करतात, जिन्याभोवतीचे ते कमीजास्त अंतरावरचे खांब म्हणजे घरात आणलेलं जंगल वगैरे, आहे सुंदर, पण मला ते जरा श्रीमंती कौतुक वाटतं. माझं मत हं, तू जाऊन भांड माझ्याशी.

हेलसिंकीतलं टेम्पेलिआउकिओ चर्च (१९६९) तर खडकातच कोरलंय. तिथे टूरिस्टांची गर्दी असते, तरी भिंतीला हात लावून बघ, खडक तसाच उघडा ठेवलाय आणि त्याचा आवाजालाही फायदा झालाय.

आणि फक्त उन्हाळ्यातले फोटो बघून मत बनवू नकोस. डिसेंबरात तिथे सव्वातीनच्या सुमाराला सूर्य मावळतो, खिडकी कुठे आणि किती ठेवायची हे त्या अंधारातच समजतं.

ओटानिएमीच्या चॅपेलचं सेक्शन (उभा छेद) हाताने काढ आणि मला पाठव, क्रॉसच्या मागची झाडं धरून.