पपनसात पाप कुठून आलं?

प्रश्न असा आला आहे: "चतुर्थीला माटवीला (गणपतीवर टांगतात त्या लाकडी चौकटीला) बांधायला पपनस आणलं. सासूबाई म्हणाल्या, 'तो पपनस मधोमध बांध.' मी म्हटलं, 'ते पपनस.' त्यावरून दोन दिवस चर्चा चालली आहे. तो पपनस की ते पपनस? शिवाय धाकटे दीर सांगतात की मूळ शब्द 'पापनाश' आहे, म्हणूनच ते गणपतीपुढे टांगतात. खरं का?"

लिंगाचं मागाहून बघू. आधी तो 'पापनाश' घराबाहेर काढा. दर भाद्रपदात हा मजकूर मोबाईलवर तेरड्यासारखा उगवतो. तेरड्याचा रंग निदान तीन दिवसांनी उतरतो, याचा उतरत नाही. 'श'चा 'स' होतो हे मला कुणी शिकवायला नको. पण 'पाप'मधला 'आ' आणि 'नाश'मधला 'आ', दोघेही एकाच रात्री घर सोडून कुठे गेले? आणि माटवीला काय फक्त पपनसच बांधतात? काकडी असते, सुपारीचा घोस असतो, कवंडळं असतात. कवंडळ कुठल्या पापाचा नाश करतं ते दिरांना विचारा. त्या ऋतूत रानात आणि परसात जे पिकतं ते देवापुढे येतं, इतकी साधी गोष्ट आहे.

दुसरा वैताग ग्रेपफ्रूटचा. पाककृती सांगणाऱ्या दर दुसऱ्या बाई म्हणतात, "ग्रेपफ्रूट, म्हणजे आपलं पपनस." नाही हो! ग्रेपफ्रूट हे पपनस आणि मोसंबी-संत्र्याच्या जातीतलं गोड फळ यांच्या संकरातून वेस्ट इंडीजमध्ये, बार्बाडोसकडे, अठराव्या शतकात निपजलं. म्हणजे पपनसाची लेक, तीही परदेशात जन्मलेली. लेकीच्या नावानं आईला हाक मारायची पद्धत आपल्याकडे आहे, 'बबीची आई' म्हणून. पण आईलाच 'बबी' म्हणत नाहीत.

आता मुद्द्यावर येतो. डच भाषेत या फळाला म्हणतात 'पोम्पलमूस'. मोठ्यानं, दोनचारदा, जरा घाईघाईत म्हणून बघा. पोम्पलमूस, पंपलमुस, पंपनस, पपनस. पंपनस हे रूप काही घरांत अजून ऐकू येतं, ते चुकीचं म्हणून पोरांना दुरुस्त करू नका. तेच मधलं स्टेशन आहे.

'ल'चा 'न' कसा झाला, असं विचारणारा कुणीतरी असतोच. त्यानं शेतात जावं. संस्कृतातल्या 'लाङ्गल'चा आपण 'नांगर' केला. उलट बाजूनं 'निंब'चा 'लिंब' केला. या दोन अक्षरांची मराठीत अदलाबदल चालूच असते. मधला 'म' गळाला, कारण 'पनस' हा शब्द आपल्या कानाला आधीच ओळखीचा होता. पनस म्हणजे फणस. परदेशी शब्द ऐकू आला की कान त्यात आपला कुणी नातेवाईक बसलाय का ते शोधतो, आणि सापडला की त्यालाच धरून ठेवतो. मोठं फळ, जाड साल, आत गरे म्हणावे तशा फोडी. पनस बसला तो बसलाच. दिरांच्या कानानंही तेच केलं, फक्त ते फणसाऐवजी पापापाशी थांबले.

गंमत म्हणजे खुद्द डचांनीही हेच केलेलं दिसतं. 'पोम्पलमूस'चा पहिला भाग 'पोम्पून', म्हणजे भोपळा. दुसरा भाग पोर्तुगीज 'लिमोंइश', म्हणजे लिंबं, त्याचं मोडकं रूप. एकूण अर्थ भोपळलिंबू. हाच अर्थ शंभर टक्के सिद्ध झालाय असं कोशवाले म्हणत नाहीत, पण मला तो पटतो, कारण ज्यानं पपनस पहिल्यांदा हातात घेतलंय त्याला दुसरं काही सुचणारच नाही. आणि शेवटचा 'मूस' डच कानाला परका वाटलाच नसणार. त्यांच्याकडे 'मूस' म्हणजे शिजवून घोटलेला गर. सफरचंदाच्या तसल्या गराला ते 'आपलमूस' म्हणतात.

इथे तमिळवाले उभे राहतात. तमिळमध्ये 'पंबळिमास' आहे, तेव्हा शब्द मूळचा तमिळ आणि डचांनी तो उचलला, असं सांगणारे चांगले जाणते अभ्यासक आहेत. त्यांच्या विद्वत्तेला नमस्कार, पण एवढंच सांगा की 'पंबळिमास'ची तमिळमध्ये फोड काय? डचमध्ये भोपळा तरी हाती लागतो. आणि शब्द कुठे कुठे सापडतो ते नकाशावर बघा. वलंदेज, म्हणजे डच, पुलिकतला आले १६१० मध्ये. नागपट्टणम त्यांनी पोर्तुगीजांकडून घेतलं १६५८ मध्ये, कोची १६६३ मध्ये. तमिळमध्ये पंबळिमास, मल्याळममध्ये बब्लूस, आणि पश्चिम किनाऱ्यावर आमचं पपनस. जिथे त्यांची वखार तिथे हा शब्द. पण कर्नाटकात पठारावर गेलात की लगेच 'चक्कोत' आणि उत्तरेत 'चकोतरा'. जमिनीवरून आलेला शब्द असा किनारा धरून चालत नाही.

बंगाल्यांनी तर कमालच केली. ते पपनसाला म्हणतात 'बाताबि लेबू', बटाव्हियाचं लिंबू. बटाव्हिया म्हणजे आजचं जाकार्ता. १६१९ मध्ये यान पीटरस्झून कून यानं जयकर्ता हे गाव जाळून घेतलं आणि तिथे डच ईस्ट इंडिया कंपनीची आशियातली राजधानी उभारली, तिचं हे नाव. बटाव्हिया हे नाव १९४२ मध्ये पुसलं गेलं, पण कोलकात्याच्या मंडईत अजून टोपलीत मांडलेलं असतं. 'डच भारतात आले, मिरी घेऊन गेले, मागे शब्द काही ठेवला नाही,' असं एका व्याख्यानात ऐकलं तेव्हा मी सभ्यपणे गप्प बसलो होतो, त्याची भरपाई इथे करतो. हुगळीकाठच्या चुंचुड्याला १८२५ पर्यंत डचांचा अंमल होता. बंगाली माणूस आजही पत्त्यांत बदामला 'हरतन', चौकटला 'रुइतन', इस्पिकला 'इस्कापन' आणि हुकुमाला 'तुरुप' म्हणतो. डचमध्ये हेच हार्तन, राउतन, स्खोपन, त्रूफ. सिंहलीतही हीच मंडळी थोडी वेषांतर करून बसली आहेत. आमचं 'किलवर' इंग्रजी क्लोव्हरवरून की डच 'क्लाव्हर'वरून, यावर मी कुणाशीही आणि कितीही वेळ भांडायला तयार आहे, पण आज पपनस सोलायला घेतलंय.

वलंदेज हा शब्द मी मुद्दाम वापरतोय, कारण त्याचंही लोकांनी भजं केलंय. वलंदेज म्हणजे डेन्मार्कचे लोक, असं एका ऐतिहासिक म्हणवणाऱ्या मालिकेत ठोकून दिलं होतं. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात टोपीकरांची, म्हणजे युरोपियनांची, यादी आहे: फिरंगी, इंग्रज, वलंदेज, फरांसीस, डिंगमार. डेन्मार्कचे ते डिंगमार. वलंदेज म्हणजे हॉलंडचे. पोर्तुगीज 'होलांदेश'मधला 'ह' मुका असतो, उरतो 'ओलांदेश'. आणि सुरुवातीच्या 'ओ'चा 'व' करणं हे तर आपलं घरचं काम. ओसरीची वसरी, ओटीची वटी, तसा ओलांदेशचा वलंदेज. म्हणजे ज्या लोकांचं नाव आपण त्यांच्या शत्रूच्या तोंडून शिकलो, त्यांच्या फळाचं नाव मात्र थेट त्यांच्याच तोंडून घेतलं. मला हे फार आवडतं.

कुठे घेतलं? माझं बोट वेंगुर्ल्यावर आहे. तिथल्या वखारीची पडकी भिंत अजून उभी आहे, लोक तिला 'डच वखार' म्हणतात. १६३६ च्या सुमारापासून आठेक वर्षं डच आरमार हंगामाच्या हंगाम मांडवीच्या मुखाशी ठाण मांडून गोव्याची कोंडी करत होतं. एवढ्या गलबतांना पाणी हवं, सरपण हवं, ताजं खाणं हवं. योहान फान ट्विस्ट विजापुरास आदिलशहाकडे वकिलीला गेला तो १६३७ मध्ये, आणि वेंगुर्ल्याची वखार याच काळातली. आता माझा तर्क. दर्यावर्दी लोकांचं मोठं दुखणं म्हणजे हिरड्या कुजण्याचा रोग, आणि त्यावर उतारा ताजी भाजी आणि आंबट फळं. याच कंपनीनं १६५२ मध्ये आफ्रिकेच्या केपला ठाणं बसवलं तेव्हा पहिली कामं काढली त्यांत भाजीपाल्याची बाग होती, जाता-येता जहाजांना पुरवठा व्हावा म्हणून. अशा लोकांना पपनसाहून सोयीचं फळ कुठलं? बोटभर जाड साल. तोडलं तरी आठवडेच्या आठवडे आतून रसरशीत राहतं. वखारीच्या आवारात पपनसाचं एक झाड होतं आणि भाजी विकायला आलेल्या कुणा वेंगुर्लेकरणीनं शिपायाला "ह्या काय रे?" असं विचारलं, हे दृश्य मी माझ्या मनात इतक्यांदा पाहिलंय की आता ते मला आठवणीसारखं वाटतं.

याला विरोध होतो तो 'तोरंजन'वरून. "आमच्याकडे गोव्याच्या माटोळीत तोरंजन म्हणतात, ते तर फारसी तुरुंजवरून. मग फळ डचांच्या आधीचंच ना?" असेल की. आग्नेय आशियातलं फळ आहे, आपल्या ईशान्येला जवळ, कुठल्याही वाटेनं आधी आलं असेल. मी फळाचा जन्मदाखला मागत नाही, नावाचा मागतोय. तुरुंज हे नाव मुळात महाळुंगाचं, ते नव्या फळाला उसनं दिलं. पपनस हे नाव उसनं नाही, ते जहाजातून उतरलं.

आणि ते आपल्याकडे उतरून थांबलं नाही, हा या गोष्टीचा मला सगळ्यात प्रिय भाग. हिंदी महासागरातल्या एका ओसाड बेटाला डचांनी १५९८ मध्ये आपल्या माउरिट्स राजपुत्राचं नाव दिलं. मॉरिशस ते हेच. तिथे १६३८ ते १७१० ते होते. जावाहून हरणं आणली, ऊस आणला, डोडो संपवला आणि कंटाळून निघून गेले. मागून फ्रेंच आले, त्यांनी बेटाचं नाव बदललं. पण उत्तरेकडच्या एका भागाचं नाव राहिलं 'पांप्लमूस', तिथल्या पोम्पलमूसच्या झाडांवरून. ही झाडं डचांनी जावाहून आणून लावलेली, असं तिथं सांगतात. मोठमोठ्या कमळपानांची प्रसिद्ध बाग आहे ती याच गावात. १८१० मध्ये इंग्रजांनी बेट घेतलं आणि १८३४ पासून उसाच्या मळ्यांवर हिंदुस्थानातून करारावर मजूर यायला लागले, त्यांत मुंबई बंदरातून चढलेले रत्नागिरी-साताऱ्याकडचे आपले लोकही होते. त्यांचे वंशज आजही तिथे मराठी म्हणवतात, आणि गणेश चतुर्थीला मॉरिशसमध्ये सरकारी सुट्टी असते.

आता बघा. कोकणातला एक माणूस परसातलं पपनसाचं झाड सोडून, काळं पाणी ओलांडून, कुठल्याशा बेटावर उतरतो. तिथला मुकादम त्याला सांगतो, तुझा मळा पांप्लमूसला. त्याला काय कळणार की त्याच्या परसातलं झाड आणि हे गाव एकाच शब्दाची दोन पोरं आहेत! दोघांना जहाजावर घालणारा बाप एकच.

फ्रेंचांनी पुढे तोच 'पांप्लमूस' शब्द ग्रेपफ्रूटला लावून टाकला. बेल्जियममधले डच बोलणारेही ग्रेपफ्रूटलाच 'पोम्पलमूस' म्हणतात. तेव्हा वर ज्या पाककृतीवाल्या बाईंवर मी चिडलो, त्यांच्या बाजूनं दोन देश उभे आहेत हे मला ठाऊक आहे. तरी मी मत बदलणार नाही. माझी भाची नेदरलँड्समध्ये ॲमस्टेलवेनला राहते. तिला फोन करून मी ऐटीत सांगितलं की दुकानात जा आणि 'पोम्पलमूस' माग. दुकानातल्या मुलानं तिला ग्रेपफ्रूट दाखवलं. आपलं पपनस शेजारीच लाल जाळीत बांधून ठेवलेलं होतं, त्यावर लिहिलं होतं 'पोमेलो'. ज्यांनी शब्द अर्ध्या जगाला वाटला, त्यांच्याच दुकानात तो या फळावर शिल्लक नाही. ('पपनस हा पोमेलोचा अपभ्रंश' असं म्हणणाऱ्यांसाठी: इंग्रजीत पोमेलो रुळला एकोणिसाव्या शतकात. नातवापासून आजोबा होत नसतात.)

माटवी उतरली की पपनस असं फोडा. देठाकडची चकती उडवा, वरून खाली चार चिरा द्या, पण आतल्या फोडींना सुरी लागू देऊ नका. साल पाकळ्यांसारखी उलगडते आणि आतला पांढरा कापूस हाताला लागतो. फोडीवरचं चिवट साल पाठीकडून फाडा, ते कडू असतं. आत गुलाबी दाणे, प्रत्येक दाणा वेगळा सुटतो. मीठ, लाल तिखट, चिमूटभर साखर. आमच्या लहानपणी चिरा न देता साल अख्खी, वाटीसारखी काढायचो आणि डोक्यावर घालून अंगणात हिंडायचो. आजी ओरडायची, "इले टोपीकर!"

आणि हो, ते पपनस. आमच्याकडे तरी ते. दोन असली तर पपनसं. पण सासूबाई 'तो' म्हणत असतील तर चतुर्थी होईपर्यंत तो.