वाहन-शंका : इव्हो खरी की सजवलेली?

प्रश्न : मित्सुबिशीची लॅन्सर इव्होल्यूशन (इव्हो) ‘नऊ’ म्हणून एक गाडी पाहिली. पासिंग एमएच-०४, किंमत फारच कमी. काय तपासू?
– वाचक, घोडबंदर रोड, ठाणे

उत्तर : आधी आरसी मागा. इव्हो सात ते नऊ ज्या पिढीच्या लॅन्सरवर बेतल्या, तीच गाडी आपल्याकडे सेडिया म्हणून विकली जात होती. बंपर, बॉनेट आणि मागचा स्पॉयलर बदलला की लांबून फरक कळत नाही. कागदावर कळतो : सेडिया १९९९ सीसी, इव्हो नऊ १९९७ सीसी. खऱ्या गाडीच्या चासी नंबरात ‘सीटी९ए’ असतं.

मग बॉनेटला लोहचुंबक लावा. इव्होचं बॉनेट ॲल्युमिनियमचं, त्यामुळे चुंबक चिकटायला नको. तरी फायबरचं बॉनेटही याच परीक्षेत पास होईल, म्हणून गाडी रॅम्पवर चढवाच. मागच्या चाकांकडे जाणारा प्रोपेलर शाफ्ट आणि मागचं डिफरन्शियल (दोन्ही चाकांत ताकद वाटणारा गिअरचा डबा) दिसलं नाही, तर विषय संपला. सेडिया फक्त पुढच्या चाकांवर चालते.

इव्होचं मोल या खालच्या भागातच आहे. १९९२ साली ती रॅलीच्या नियमांसाठी जन्मली. आमच्या मते खरं वळण १९९६ च्या चौथ्या इव्होचं : इंजिन १८० अंशांत फिरवलं आणि मागच्या दोन चाकांत ताकद कमीजास्त वाटणारं एवायसी आलं. रॅलीचालक टॉमी मॅकिनेनची सलग चार जगज्जेतेपदं त्याच वर्षापासूनची. पाचवीत रुंद बॉडी व ब्रेम्बो ब्रेक, सातवीत (२००१) पुढच्या-मागच्या चाकांमधलं इलेक्ट्रॉनिक डिफरन्शियल, नववीत (२००५) मायव्हेक, म्हणजे व्हॉल्व्ह उघडण्याची वेळ बदलणारी यंत्रणा. नववीपर्यंत इंजिन ४जी६३ च, म्हणजे टायमिंग बेल्टवालं. बेल्ट कधी बदलला याचं बिल नसेल, तर गाडी घेतल्याबरोबर बॅलन्स शाफ्टच्या (इंजिनाची थरथर कमी करणाऱ्या दांड्याच्या) बेल्टसकट बदला. टायमिंग बेल्ट तुटला की व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटतात आणि हेड उघडावं लागतं.

प्रश्न : माझ्या इव्हो दहावर पावसाळ्यानंतर एस-एडब्ल्यूसीची (चारही चाकांची ताकद सांभाळणाऱ्या यंत्रणेची) सूचना येते. गॅरेजवाला थेट पंप बदला म्हणतो.
– वाचक, नेरुळ

उत्तर : घाई नको. दहावीत (२००७) एवायसी आणि मधलं डिफरन्शियल यांना दाब देणारा हायड्रॉलिक पंप मागच्या उजव्या चाकाजवळ, गाडीच्या खाली बसवलेला आहे. चाकाने उडवलेला चिखल आणि खाडीकडची दमट, खारी हवा यांनी तो गंजतो. स्कॅनरवर कोड वाचा, मग कनेक्टर काढून हिरवी पूड दिसते का पाहा. दिसली तर साफ करून पुन्हा कोड वाचा. रिले, फ्यूज व तेलाची पातळीही बघा. पंपाच्या मोटरला वीज पोचूनही ती फिरत नसेल, तरच पंप काढा. दर पावसाळ्यानंतर तो भाग गोड्या पाण्याने धुवा, पण कनेक्टरवर प्रेशरचा फवारा मारू नका.

चारही टायर एकाच मापाचे आणि सारखे झिजलेले ठेवा. घेरात फरक पडला की मधलं डिफरन्शियल सतत घासत राहतं. एसएसटी (दोन क्लचच्या ऑटोमॅटिक) गिअरबॉक्समध्ये मित्सुबिशीचं डाया क्वीन एसएसटीएफ-वन हेच तेल, बरोबर नवा फिल्टर. साधं एटीएफ, म्हणजे नेहमीचं ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचं तेल, चालत नाही.