चेंडू ग्लोव्हमध्ये पडेपर्यंत बटणाला हात लावू नका

तुमचा प्रश्न वाचला आणि काल रात्री मी तो गेम उघडून तासभर खेळत बसले. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. ब्राउझरमध्ये खेळायचा बेसबॉलचा विनोदी गेम आहे, पण त्यात आपण बॅटर नाही की पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, नाही. आपण कॅचरच्या, म्हणजे बॅटरमागे बसून चेंडू झेलणाऱ्याच्या, मागे उभे असलेले अंपायर. चेंडू येतो, बॅटरने बॅट फिरवली नाही तर ‘स्ट्राइक’ की ‘बॉल’ ते आपण सांगायचं. बॅटरसमोरच्या हवेतल्या ठरलेल्या चौकटीतून, म्हणजे झोनमधून, चेंडू गेला तर स्ट्राइक, बाहेरून गेला तर बॉल; तीन स्ट्राइक झाल्या की बॅटर बाद, चार बॉल झाले की तो चालत पहिल्या बेसवर. चुकलं की मॅनेजर तरातरा मैदानात येतो, पाय आपटून माती उडवतो, प्रेक्षक हुर्यो उडवतात. मधूनच कमरेएवढा बुटका बॅटर येतो, मधूनच ताडमाड. तुम्ही लिहिलंय की चाळीस वर्षं क्रिकेट पाहिलं, एलबीडब्ल्यू घरी बसून अंपायरच्या आधी सांगता, पण इथे पंधराव्या चेंडूच्या आसपास बाद होता आणि टोरांटोच्या भाच्याचा स्कोअर तुमच्या दुप्पट आहे.

मी शिकागोजवळच्या उपनगरात राहते. मुलगा लहान असताना इथल्या मुलांच्या लीगमध्ये अंपायर कमी पडायचे म्हणून उभी राहिले, ती पुढे सात उन्हाळे उभीच होते. त्या अनुभवावरून सांगते: तुमची नजर चांगली आहे. अडचण नेमकी त्या चाळीस वर्षांच्या सवयीत आहे.

एलबीडब्ल्यूमध्ये अंपायरला काय सांगायचं असतं? पॅड मध्ये आलं नसतं तर चेंडू कुठे गेला असता. म्हणजे अंदाज. टप्पा कुठे पडला, किती वळला, किती उसळला, यावरून पुढची रेघ मनात ओढायची. आपण सगळे लहानपणापासून तेच करत आलोय. स्ट्राइकमध्ये अंदाज करायचाच नसतो. चेंडू होम प्लेटवरून, म्हणजे बॅटरशेजारी जमिनीत बसवलेल्या पाटीवरून, प्रत्यक्ष गेलेला असतो. तो कुठून गेला एवढंच सांगायचं. तुम्ही अर्ध्या वाटेवर मनात रेघ ओढता, बोट बटणावर जातं, आणि शेवटच्या दोन-तीन मीटरमध्ये चेंडू खाली बुडतो किंवा बाहेर सरकतो. तिथेच चूक होते. भाच्याने क्रिकेट कमी पाहिलं असेल तर त्याचा स्कोअर जास्त का, याचं कारण बहुधा हेच असावं.

आकडे बघा म्हणजे पटेल. माउंडपासून, म्हणजे पिचर उभा असतो त्या उंचवट्यापासून, होम प्लेटचं अंतर ६० फूट ६ इंच, म्हणजे साधारण साडेअठरा मीटर. आपली खेळपट्टी २२ यार्डांची, वीस मीटरच्या थोडी वर. ताशी १५० किलोमीटरचा चेंडू पिचरच्या हातून सुटल्यावर ०.४ सेकंदात प्लेटवर असतो, आणि टप्पा नसतोच. टप्पा पडला की क्रिकेट पाहणाऱ्याच्या डोक्यात घंटा वाजते, आता हा चेंडू कळला. इथे ती घंटा वाजतच नाही, मग मन स्वतःच कुठेतरी मध्येच ती वाजवतं.

माझ्या पहिल्या उन्हाळ्यात माझंही हेच व्हायचं. दहा-अकरा वर्षांची मुलं, चेंडूला वेग फार नाही, तरी मी तोंड उघडून बसायचे आणि चेंडू प्लेटवर यायच्या आत ‘स्ट्राइक’ म्हणून मोकळी. एका शनिवारी लीगमधले एक वयस्कर अंपायर जाळीच्या मागे येऊन उभे राहिले. दोन डाव काही बोलले नाहीत. मग मधल्या वेळात जवळ आले आणि म्हणाले, “ग्लोव्हचा आवाज ऐक. आवाज आला की तो चेंडू मनात एकदा परत बघ. मग बोल.” पुढच्या डावात मी तेच केलं. थप् असा आवाज, मनात चेंडूची वाट पुन्हा एकदा, आणि मग निकाल. सुरुवातीला तो अर्धा सेकंद इतका लांब वाटायचा की बॅटर वळून माझ्याकडे बघतोय असा भास व्हायचा. कुणीही बघत नव्हतं. त्या दिवशी पहिल्यांदाच दोन्ही बाकांवरचे पालक शांत बसलेले दिसले.

तुम्हाला क्रिकेटचे अंपायर स्टीव्ह बकनर आठवत असतीलच. अपील झालं, सगळे ओरडताहेत, आणि ते उभेच. मग हळू मान हलवायची, मग बोट वर. भारतीय प्रेक्षकांचा त्यांच्यावर राग आहे तो आहेच, तो वेगळा विषय. पण ती थांबण्याची पद्धत डोळ्यांसमोर आणा आणि गेममध्ये तेवढीच उचला. चेंडू ग्लोव्हमध्ये पडल्यावरही बटण दाबायला वेळ मिळतो, काल मी मुद्दाम उशीर करून पाहिलं. घाई गेम करत नाही, आपण करतो.

आता झोनबद्दल. होम प्लेट १७ इंच रुंद, म्हणजे ४३ सेंटिमीटर, आणि झोनची रुंदी तेवढीच. नियमानुसार चेंडूचा कुठलाही भाग झोनला शिवला की स्ट्राइक. चेंडूचा व्यास जवळपास ७.४ सेंटिमीटर आहे, म्हणजे मधल्या बिंदूचा विचार केला तर दोन्ही बाजूंना साडेतीन सेंटिमीटरहून जास्त जागा वाढते. नवखा माणूस चेंडूचा मध्य बघतो आणि कडेचे चेंडू ‘बॉल’ देत सुटतो. तुम्ही चेंडूची प्लेटकडची कड बघा. एवढ्या एका बदलाने कडेच्या चुका निम्म्यावर आल्या तर नवल नाही.

उंचीचं गणित मात्र प्रत्येक बॅटरला नव्याने मांडावं लागतं, आणि बुटक्या-ताडमाड बॅटरची गंमत गेममध्ये उगाच घातलेली नाही. पुस्तकातला नियम असा: वरची कड खांद्याचा वरचा भाग आणि पॅंटची वरची कड यांच्या मध्यावर, खालची कड गुडघ्याच्या वाटीखालच्या खळगीपाशी. २०२६ पासून मेजर लीगमध्ये, म्हणजे इथल्या सगळ्यात वरच्या व्यावसायिक लीगमध्ये, खेळाडूंना स्ट्राइक-बॉलच्या निकालावर दाद मागता येते. बॅटर, पिचर किंवा कॅचर टोपीवर किंवा हेल्मेटवर टिचकी मारतो आणि कॅमेऱ्यांवर चालणारी यंत्रणा निकाल तपासते. प्रत्येक संघाला अशा दोन संधी, दाद बरोबर निघाली तर संधी शाबूत. त्या यंत्रणेत खालची कड बॅटरच्या उंचीच्या २७ टक्क्यांवर आणि वरची ५३.५ टक्क्यांवर धरतात. मेजर लीगमधले दोन बॅटर घ्या: होजे अल्टुवेची उंची ५ फूट ६ इंच सांगतात, आरन जजची ६ फूट ७ इंच. हिशोब केला तर अल्टुवेचा झोन जमिनीपासून साधारण ४५ ते ९० सेंटिमीटर, जजचा ५४ ते १०७. म्हणजे मीटरभर उंचीवरून आलेला चेंडू जजला सरळ स्ट्राइक आणि अल्टुवेला उघड बॉल. चेंडू तोच. बॅटर बदलला की पहिला चेंडू यायच्या आत त्याचा गुडघा आणि पट्टा बघून घ्यायचा, इतकी सवय लावा. चेंडू सुटल्यावर बॅटरकडे बघायला वेळ नसतो.

कमरेएवढा बॅटर तर खराखुराही येऊन गेलाय. १९ ऑगस्ट १९५१ रोजी सेंट लुईस ब्राउन्सचे मालक बिल व्हेक यांनी ३ फूट ७ इंच उंचीच्या एडी गेडेलला डेट्रॉइटविरुद्ध बॅटिंगला पाठवलं. अंपायर एड हर्ली यांनी आधी त्याचा करार मागून घेतला, तो खरा आहे याची खात्री केली, मगच खेळ सुरू केला. पिचर हसत होता, चार चेंडू टाकले, चारही उंच, गेडेल चालत पहिल्या बेसवर. लोक ही गोष्ट हसण्यासाठी सांगतात. मला त्यात हर्ली दिसतात: भर मैदानात तमाशा चाललेला असताना कागद नीट वाचणारा माणूस.

सगळ्यात अवघड जागा कोणती? बॅटरपासून लांबचा, खालचा कोपरा. खरा अंपायर कॅचरच्या बरोबर मागे उभा राहत नाही. तो बॅटर आणि कॅचर यांच्यामधल्या फटीतून, प्लेटच्या आतल्या कडेवर डोकं ठेवून बघतो. त्यामुळे बॅटरजवळचा चेंडू त्याला स्वच्छ दिसतो आणि लांबचा खालचा कोपरा सगळ्यात तिरका. तुमच्या गेममध्येही दृश्य त्याच बाजूने आहे. काल मी माझ्या चुका कागदावर टिपल्या, अकरापैकी आठ त्या कोपऱ्यातल्या होत्या. तुम्हीही एकदा टिपून बघा. कुठे चुकतं हे कळल्यावर त्या एका कोपऱ्यावर मेहनत घेता येते.

आणि तिथेच कॅचरची करामत असते. चांगला कॅचर झोनच्या बाहेरचा चेंडू झेलता झेलता ग्लोव्ह हळूच आत ओढतो. ग्लोव्ह थांबतो तेव्हा चेंडू अगदी झोनमध्ये वाटतो. खरे कॅचर या कौशल्यावर वर्षानुवर्षं मेहनत घेतात, आणि गेम बनवणाऱ्यांनी ते बारकाईने उतरवलंय याचं मला कौतुक आहे. म्हणून मघाशी म्हटलं ते नीट समजून घ्या: ग्लोव्हचा आवाज ऐकायचा तो थांबण्यासाठी, ग्लोव्ह कुठे आहे ते बघण्यासाठी नाही. कॅचर प्लेटच्या मागे बसलेला असतो. वरून बुडणारा कर्व्ह चेंडू प्लेटवर गुडघ्याच्या उंचीला असतो आणि ग्लोव्हमध्ये पडेपर्यंत जवळजवळ मातीला लागतो. तो स्ट्राइक आहे. मॅनेजर येऊन कितीही ओरडला तरी स्ट्राइक आहे. डोकं हलवायचं नाही, फक्त डोळे चेंडूबरोबर न्यायचे. स्क्रीनसमोरही हे लागू पडतं, मान स्थिर ठेवून खेळून बघा.

मॅनेजरचं काय करायचं, हेही तुम्ही विचारलंय. मेजर लीगच्या नियमात स्ट्राइक-बॉलवर वाद घालायला मैदानात यायला परवानगीच नाही. आला तर आधी ताकीद, तरी थांबला नाही तर बाहेर. गेममध्येही हाच क्रम पाळा. पहिल्या ओरड्याला बाहेर काढलंत तर प्रेक्षकांचा राग वाढतो, आणि अजिबात नाही काढलंत तर तो पुढच्या प्रत्येक चेंडूला येतो. प्रत्यक्षातले मॅनेजर गेमपेक्षा काही कमी नव्हते. अटलांटाचे बॉबी कॉक्स कारकिर्दीत दीडशेहून जास्त वेळा बाहेर काढले गेले. बाल्टिमोरचे अर्ल वीव्हर टोपी उलटी फिरवून यायचे, म्हणजे अंपायरच्या तोंडापाशी तोंड नेताना टोपीची झडप मध्ये येत नाही. ओरडत असताना वाचायचं नाही, ऐकायचं नाही. तो बोलत असतो गेलेल्या चेंडूबद्दल, आणि तुमच्या पुढ्यात पुढचा असतो.

गेलेल्या चेंडूबद्दल अजून थोडं, कारण तुमचा डाव पंधराव्या चेंडूला कोसळतो त्यात मला हेच दिसतं. एक चूक झाली की लगेच पाठोपाठ तीन होतात. अमेरिकी अभ्यासकांनी अंपायरांच्या लाखो निकालांचा हिशोब मांडलाय. त्यात दिसतं की आधी स्ट्राइक दिलेली असेल तर तसाच कडेचा पुढचा चेंडू ‘बॉल’ ठरायची शक्यता जरा वाढते. तीन बॉल आणि शून्य स्ट्राइक असताना झोन मोठा होतो, शून्य बॉल आणि दोन स्ट्राइक असताना आक्रसतो. कुणी लबाडी करत नसतं. मन आपोआप तोल साधायला जातं. तुम्हीही चुकीची स्ट्राइक दिल्यावर पुढच्या चेंडूला बॅटरची भरपाई करत असाल. करू नका. भरपाईचा निकाल म्हणजे दुसरी चूक, आणि गेम तिचेही गुण कापतो.

२ जून २०१० रोजी डेट्रॉइटचा पिचर आर्मांडो गलारागा याचा ‘परफेक्ट गेम’, म्हणजे समोरचा एकही बॅटर बेसवर न पोचलेला सामना, एका बॅटरवर आला होता. सव्वीस बॅटर आले, सव्वीस बाद. सत्ताविसावा पहिल्या बेसवर धावला, चेंडू आधी पोचला होता, आणि अंपायर जिम जॉइस यांनी त्याला नाबाद दिलं. सामना संपल्यावर त्यांनी चित्रफीत पाहिली, चूक कबूल केली, गलारागाला भेटून माफी मागितली. दुसऱ्या दिवशी दुपारी त्याच दोन संघांचा सामना होता आणि जॉइस यांची पाळी होम प्लेटमागे होती. संघाची यादी द्यायला गलारागा स्वतः त्यांच्यापाशी आला. जॉइस यांचे डोळे भरून आले, त्यांनी डोळे पुसले, आणि सामना सुरू केला. त्या दिवशी त्यांनी एकेक चेंडू बघून त्याचा निकाल दिला असणार, त्याशिवाय नऊ डाव उभं राहता येत नाही. मी लीगमध्ये वाईट चूक केली की घरी येताना गाडीत हा प्रसंग आठवायचे.

तेव्हा आज रात्री असं करा. पहिले वीस चेंडू बरोबर-चुकीचा विचार न करता खेळा, फक्त आवाजाआधी बटण दाबलं का एवढंच मोजा. वीसपैकी वीस वेळा थांबलात की मग स्कोअरकडे बघा. पुढचे वीस चेंडू फक्त लांबच्या खालच्या कोपऱ्यासाठी. बॅटरने अर्धी बॅट फिरवून मागे घेतली तर गोंधळू नका. नियमांच्या पुस्तकात अर्ध्या फटक्याची व्याख्याच नाही, म्हणून होम प्लेटचा अंपायर बेसवरच्या सहकाऱ्याला विचारतो. गेममध्ये त्यासाठी कोपऱ्यात बोट दाखवणारं बटण आहे, तुम्ही ते अजून वापरलेलं दिसत नाही.

आणि तुम्ही लिहिलंय की घरचे झोपलेले असतात म्हणून आवाज बंद करून खेळता. हेडफोन घाला. ग्लोव्हचा थप् ऐकू आला नाही तर वर लिहिलेल्यातलं निम्मं करताच येणार नाही. स्कोअर इथेच कळवा, भाच्याचा आणि तुमचा दोन्ही.