स्थगितीला अकरा महिन्यांनी आव्हान: उशिराचा मुद्दा किती चालेल?

भाऊ, तुमचा प्रश्न मी असा समजलो: पदावरची मुदत पुरी व्हायच्या आधीच नागपूरहून अहेरीला बदली झाली, मॅटच्या (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे सरकारी कर्मचाऱ्यांच्या नोकरीचे वाद ऐकणारं न्यायाधिकरण) नागपूर खंडपीठाने तिला स्थगिती दिली, आणि आता अकरा महिन्यांनी विभाग उच्च न्यायालयात गेला. अपिलाची मुदत उलटली म्हणून ते आपोआप फेटाळलं जाईल का?

तसं गृहीत धरू नका. मुळात हे अपील नाहीच. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या चंद्रकुमार निकालापासून मॅटच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींपुढे रिट याचिका (घटनेने उच्च न्यायालयाला दिलेल्या अधिकारात दाद मागणारी याचिका) करावी लागते, आणि रिटला कायद्याने दिवसांची मुदत ठरवून दिलेली नाही. उच्च न्यायालयाच्याच एकल पीठाचा (एका न्यायमूर्तींचा) आदेश असता तर त्यावरच्या लेटर्स पेटंट अपिलाची, म्हणजे त्याच न्यायालयात होणाऱ्या अपिलाची, ३० दिवसांची मुदत आणि विलंब माफीचा अर्ज हे सगळं आलं असतं. तुमच्या प्रकरणात ‘मुदत संपली’ हे वाक्य उपयोगाचं नाही. ‘विनाकारण झोपून राहिले’ हे उपयोगाचं आहे, पण ते दाखवून द्यावं लागतं.

मी एका सरकारी कार्यालयाच्या विधी शाखेत बरीच वर्षं काढली, तेव्हा हे अकरा महिने कुठे जातात ते सांगतो. आदेशाची नक्कल येते, टिपणी तयार होते, वर जाते, शेरा घेऊन परत येते, मग सरकारी वकिलांचं मत, मग पुन्हा मंत्रालय. दरम्यान संबंधित बाबूची बदली. मग कर्मचाऱ्याने अवमानाची नोटीस दिली की त्याच फायलीला पाय फुटतात! याचिकेतलं उशिराचं स्पष्टीकरण काढून वाचा. ‘प्रशासकीय प्रक्रियेमुळे’ एवढंच असेल तर सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल वकिलांच्या हाती द्या. २०१२ च्या लिव्हिंग मीडिया प्रकरणात टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर माफ झाला नाही. २०२० च्या भेरूलाल प्रकरणात मध्य प्रदेश सरकारचा ६६३ दिवसांचा उशीर फेटाळून वर २५,००० रुपयांचा खर्च बसवला, तोही जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करायला सांगून. दोन्ही विलंब माफीची प्रकरणं आहेत, रिटची नाहीत, हे समोरचे वकील सांगतीलच. तरी सरकारी फाईल हळू चालते ही सबब पुरत नाही, हा मुद्दा इथेही लागू पडतो.

पण खरी मेख दुसरीकडे आहे. या अकरा महिन्यांत मॅटमध्ये मूळ अर्जाच्या (बदलीविरुद्धच्या तुमच्या मुख्य प्रकरणाच्या) तारखा कुणी वाढवून घेतल्या? तुमच्याच वकिलांनी घेतल्या असतील तर उशिराचा मुद्दा उलटा तुमच्यावर येईल. बदलीच्या प्रकरणात स्थगिती म्हणजे जवळपास संपूर्ण दिलासा, म्हणून तारखा लांबल्या तर फायदा तुमचाच, हे न्यायमूर्तींना ठाऊक असतं. स्थगिती उठवण्यासाठी विभागाने मॅटमध्येच अर्ज केला होता का, तेही बघा. केला नसेल तर ‘तिथे का गेला नाहीत’ हा प्रश्न त्यांना नक्की विचारा. माझा अंदाज विचाराल तर उच्च न्यायालय स्थगितीला हात न लावता मूळ अर्ज ठरावीक मुदतीत निकाली काढायला मॅटला सांगेल. अशा वेळी २००५ च्या बदली कायद्याचं कलम ४(५) तुमच्या कामी येईल: मुदतीआधीच्या बदलीला लेखी विशेष कारणं आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता आहे की नाही. युक्तिवादाचा जोर तिथे ठेवा.

तुमची या पदावरची तीन वर्षं एवढ्यात पूर्ण होत असतील तर एप्रिल-मे मध्ये नवा आदेश निघू शकतो, आणि ही स्थगिती त्याला अडवणार नाही.

नुसती याचिका दाखल झाल्याने स्थगिती उठत नाही. त्या भरवशावर कुणी एकतर्फी कार्यमुक्त केलं तर तो अवमान ठरू शकतो, आणि अवमान याचिकेला एका वर्षाची मर्यादा आहे. त्याच दिवशी लेखी हरकत देऊन पोच घ्या. आणि उद्याच मॅटच्या रोजनाम्याच्या (प्रत्येक तारखेला काय झालं त्याच्या नोंदीच्या) नकलेसाठी अर्ज टाका. तारखा कुणी घेतल्या ते कळल्यावर इथे लिहा, मग पुढचं बोलू.