चेहरा ब्लर केला, मग झालं ना?

प्रश्न : ताई, मी ऐरोलीला राहते, एका डॉक्युमेंटरीची एडिटर आहे. विषय लहान मुलांवरचे लैंगिक अत्याचार. त्यात 16 वर्षांच्या एका मुलीचा इंटरव्ह्यू आहे. आईने सही दिलीय, मुलीचा चेहरा मी ब्लर केलाय, डायरेक्टर म्हणतो झालं की आता, तिचा रडण्याचा शॉट अख्खा ठेव. पण मला खटकतंय, आणि रात्री झोपतानाही तिचाच आवाज कानात येतो. काय करू?

उत्तर : खटकतंय ते बरोबरच आहे गं. आधी कायद्याचं बघ, तिथे डायरेक्टरचंही चालत नाही आणि आईचंही. पॉक्सो, म्हणजे मुलांना लैंगिक अत्याचारापासून संरक्षण देणारा कायदा, 2012 चा, त्याचं कलम 23 सांगतं की मुलाचं नाव, पत्ता, फोटो, घरच्यांची माहिती, शाळा, राहायचा परिसर, ओळख पटेल असं काहीच बाहेर जाता कामा नये. परवानगी फक्त विशेष न्यायालय देऊ शकतं, तेही मुलाच्या हिताचं असेल तरच. आईच्या सहीने ते होत नाही, म्हणून एडिट लॉक, म्हणजे फायनल करायच्या आधी कट प्रोड्युसरच्या वकिलाला दाखवायला लाव.

आता टाइमलाइन परत बघ, पण मुलीच्या शेजारणीच्या नजरेने. आई उघड्या चेहऱ्याने बोलतेय का, मग मुलीचा ब्लर कशाला केला! खिडकीतून पारसिकचा डोंगर दिसतो, दोरीवर शाळेचा युनिफॉर्म वाळतोय, मागे लोकलची अनाउन्समेंट येते आणि स्टेशनचं नाव स्पष्ट ऐकू येतं, हे सगळं काढावं लागतं, अँबियन्स, म्हणजे मागचे आवाज, दुसरीकडचा टाकावा लागतो. आवाजाचा नुसता पिच बदलू नकोस, तो परत मूळ पिचला आणता येतो, आणि बोलायची ढब तर तशीच राहते. दुसऱ्या आर्टिस्टकडून वाचून घे. सबटायटलवाल्याला, म्युझिकवाल्याला ब्लर बेक केलेलीच, म्हणजे तो काढताच येणार नाही अशीच फाइल द्यायची, आणि रफ कटची लिंक व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकायची नाही म्हणजे नाही (टाकतात लोक, काय सांगू).

रडण्याच्या शॉटवर माझं मत विचारशील तर काढ. थांबून ती पाणी पिते, परत बोलायला लागते, तिथून घे. डायरेक्टर ऐकत नसेल तर एकच विचार, ही मुलगी हा शॉट भरलेल्या हॉलमध्ये बसून बघू शकेल का?

आणि तू. सिंक करताना (चित्र आणि आवाज जुळवताना), मार्कर लावताना आवाज बंद ठेव, विंडो छोटी कर, निवड आधी ट्रान्सक्रिप्टवर कागदावर करून घे म्हणजे तीच क्लिप परत परत ऐकायला लागणार नाही. हे रशेस, म्हणजे कच्चं फुटेज, रात्री उघडायचेच नाहीत, डेडलाइन असली तरी, रात्री दुसऱ्या सीनच्या ग्रेडिंगची, म्हणजे रंग ठीक करायची वगैरे कामं कर. झोप अशीच उडालेली राहिली तर टेली मानसला, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनला, 14416 वर फोन कर, फुकट आहे, 24 तास चालू असतो, मराठीत बोलता येतं. आणि पुढच्या प्रोजेक्टला काउन्सेलरचे पैसे बजेटमध्येच मागून घे, हार्ड डिस्कचे मागतो तसे.